बारावीचं लॉजिक ट्रेनर किट: जोडणी पक्की, चिन्हांचा घोळ

बारावीला गणिताच्या पुस्तकात गणितीय तर्कशास्त्र, भौतिकशास्त्राच्या पुस्तकात लॉजिक गेट (० आणि १ घेऊन ० किंवा १ देणारी विजेची जोडणी), आणि संगणकशास्त्र घेतलं असेल तर तिथे पुन्हा तेच. मुलं एकच बीजगणित तीनदा शिकतात आणि तिन्ही वेळा ते वेगळं आहे असं धरून चालतात. तीन-चार हजारांच्या घरात मिळणाऱ्या लॉजिक ट्रेनर किटकडून अपेक्षा एवढीच, की हे तीन तुकडे एका पाटीवर जोडून दाखवावेत. (या धर्तीची किटं वेगवेगळ्या नावांनी विकली जातात, आतली मांडणी साधारण सारखीच असते.) विजेच्या बाजूने हे काम चोख होतं. चिन्हांच्या बाजूने किट घोळ घालतं, आणि सोबतच्या मराठी पुस्तिकेतला इतिहास तर मुलांच्या हाती न दिलेलाच बरा. घ्यावं का? घ्यावं. पण दापोलीपासून वेंगुर्ल्यापर्यंत, कोकणच्या खाऱ्या हवेत कुठेही वापरणार असाल तर पेटी उघडल्या दिवशीच काही गोष्टी करून घ्याव्या लागतात.

पेटीत मधोमध ८३० छिद्रांचा ब्रेडबोर्ड (वायरी नुसत्या खोचून जोडणी करायची पाटी), खाली ८ टॉगल स्विच, वर ८ एलईडी, कोपऱ्यात १ आणि १० हर्ट्‌झचं क्लॉक (ठरावीक गतीने आलटून पालटून ० आणि १ देणारं). ९ व्होल्टचा अडॅप्टर आहे, आत त्याचे ५ व्होल्ट करणारा ७८०५ रेग्युलेटर आहे, आणि रेग्युलेटरला वगळून थेट ५ व्होल्ट घेणारं यूएसबी सॉकेटही आहे. आयसींच्या, म्हणजे गेटं भरलेल्या चिपांच्या, पाकिटात ७४ एलएस मालिकेतल्या ७४००, ७४०२, ७४०४, ७४०८, ७४३२ आणि ७४८६ प्रत्येकी दोन. वायरी ४०.

सर्वांत चांगली गोष्ट वरून दिसत नाही. प्रत्येक एलईडीच्या मागे बीसी ५४७ ट्रान्झिस्टर आणि त्याच्या बेसला १० किलोओहमचा रेझिस्टर आहे. स्वस्तातली किटं एलईडी सरळ गेटच्या आउटपुटला जोडतात. एलएस आयसीचं आउटपुट १ असताना त्यातून हमखास मिळणारा प्रवाह फक्त ०.४ मिलिअँपिअर, ३३० ओहममधून एलईडी मागतो साधारण ९. मग दिवा मिणमिणतो आणि, त्याहून वाईट, त्या पिनेवरचा व्होल्टेज खाली ओढला जातो. तो २ व्होल्टच्या खाली गेला की पुढच्या गेटला तो १ वाटेलच याची खात्री नाही. दिवा लागलाय, पण पुढचं गणित चुकतंय, हा प्रकार तिथून येतो. या किटात तो येत नाही.

दुसरी चांगली गोष्ट स्विचांमागचे १ किलोओहमचे रेझिस्टर. स्विच बंद असताना इनपुट खाली, म्हणजे शून्याकडे, ओढून धरायचं काम त्यांचं. एलएस इनपुट शून्यावर असताना ०.४ मिलिअँपिअरपर्यंत प्रवाह बाहेर टाकतं. १ किलोओहमवर त्याने ०.४ व्होल्ट होतो, आणि शून्याची हद्द ०.८ असल्याने चालतं. उद्या एखादा रेझिस्टर गेला आणि दुरुस्ती करणाऱ्याने हाताशी होता म्हणून १० किलोओहमचा टाकला, तर इनपुट शून्याच्या हद्दीत राहणार नाही. स्विच खाली असूनही गेट १ वाचत राहील आणि सगळे आयसीला दोष देतील.

आता चिन्हं. पॅनेलवर गेटांच्या आकृत्यांशेजारी छापलंय: 'आणि'साठी टिंब, 'किंवा'साठी +, 'नाही'साठी डोक्यावर आडवी रेघ. गणिताच्या पुस्तकात त्याच तीन गोष्टींना ∧, ∨ आणि ∼ आहेत. पुस्तिकेच्या तिसऱ्या भागात अचानक चौकोनी आकृत्या येतात, ज्यांत & आणि ≥१ लिहिलेलं असतं. संगणकाच्या तासाला मुलं && आणि || टाइप करतात. कुठेही एक साधा तक्ता नाही, की बाबांनो, हे चारही एकच. तो तक्ता स्वतः करून झाकणाच्या आतल्या बाजूला चिकटवणं ही पहिली दुरुस्ती.

दुसरा खड्डा सत्यता सारणीचा. गणिताच्या पुस्तकात सारणी सत्य-सत्यपासून सुरू होऊन असत्य-असत्यवर संपते. किटच्या पुस्तिकेत ००, ०१, १०, ११ असा क्रम आहे. म्हणजे ओळी उलट्या. मूल दोन सारण्या शेजारी ठेवून फक्त शेवटचा रकाना ताडून बघतं. 'आणि'चा रकाना एकीकडे १, ०, ० , ० असा दिसतो, दुसरीकडे ०, ०, ०, १, आणि मग 'किट चुकीचं आहे' असा निकाल लागतो. ओळींचा क्रम ठरवून घ्या, मगच वायर हातात द्या.

तिसरा आणि सर्वांत खोल खड्डा तो +. १ + १ = १ हे पाहिल्यावर हुशार मूल बरोबर अडखळतं, आणि पुस्तिका त्याला सांगते की या बीजगणिताचा कर्ता बूल, त्याने तसा नियम केला. बूलने तसा नियम केलेला नाही. जॉर्ज बूलने १८४७ मध्ये छोटं आणि १८५४ मध्ये मोठं पुस्तक लिहिलं. त्यात क्ष म्हणजे निवड: साऱ्या जगातून अमुक वर्गातल्या वस्तू वेचणं. आंब्यांतून हापूस निवडले, आणि त्यातून पुन्हा हापूस निवडले, तर हाती तेच राहतात; म्हणून क्ष × क्ष = क्ष. साध्या अंकांत हे समीकरण फक्त ० आणि १ पाळतात, आणि म्हणून ते दोन अंक या बीजगणितात आले. 'नाही' त्याने १ − क्ष असं लिहिलं. पण + हे चिन्ह त्याच्याकडे अशाच दोन वर्गांमध्ये बसतं ज्यांत सामाईक काही नाही. वर्ग एकमेकांवर येत असतील तर त्याच्या पद्धतीत त्या बेरजेला सरळ अर्थच नाही. सामाईक भाग चालवून घेणारी आजची 'किंवा' इंग्लंडच्या विल्यम स्टॅनली जेव्हन्सने १८६४ मध्ये आणि अमेरिकेच्या चार्ल्स सँडर्स पर्सने १८६७ मध्ये पुढे आणली. १ + १ = १ ही त्या दोघांची देणगी, आणि तेव्हा तो वादाचा मुद्दा होता. त्यामुळे मुलाला 'बूलचा नियम आहे, पाठ कर' म्हणणं इतिहासाच्या बाजूनेही चूक आणि शिकवण्याच्या बाजूनेही. 'तू जिथे अडलास तिथे बूलही थांबला होता' हे सांगितलं तर मूल ऐकतं तरी.

पुस्तिका पुढे बूलला लॉजिक गेटचा जनकही ठरवते. बूल १८६४ मध्ये वारला. तो आयर्लंडमधल्या कॉर्कच्या कॉलेजात १८४९ पासून गणिताचा प्राध्यापक होता आणि विजेच्या स्विचशी त्याचा काडीचा संबंध नव्हता. तर्क करणारं यंत्रच हवं असेल तर ते जेव्हन्सने करवून घेतलं: कळा दाबायचा 'लॉजिकल पियानो', जो १८७० मध्ये लंडनच्या रॉयल सोसायटीत दाखवला गेला. तोही विजेवर चालत नव्हता. वीज प्रथम पर्सला सुचली. १८८६ मध्ये ॲलन मार्क्वंड या आपल्या जुन्या विद्यार्थ्याला लिहिलेल्या पत्रात त्याने एकापुढे एक आणि शेजारी-शेजारी लावलेल्या स्विचांनी 'आणि' व 'किंवा' कसं करता येईल ते काढून दाखवलं. हे बराच काळ कोणाला ठाऊकच नव्हतं. अमेरिकेच्या क्लॉड शॅननने १९३७ मध्ये एमआयटीतल्या प्रबंधात रिलेच्या (विजेने उघडमीट होणाऱ्या स्विचांच्या) जोडण्यांना हे बीजगणित लावलं, १९३८ मध्ये ते छापून आलं, आणि आज पॅनेलवर जे आहे त्याचा खरा उगम तो.

इथे शिक्षकांनी एक जपायचं. शॅननने ० म्हणजे जोडलेलं, वाहणारं सर्किट आणि १ म्हणजे तुटलेलं सर्किट असं धरलं होतं. तो अडथळा मोजत होता. त्यामुळे त्याच्याकडे एकापुढे एक जोडलेल्या स्विचांना + येतं आणि शेजारी-शेजारी जोडलेल्यांना गुणाकार. आपल्या गणिताच्या पुस्तकातल्या स्विचिंग सर्किटच्या बरोबर उलट. दोन्ही बरोबर आहेत, कारण सगळीकडे ० आणि १ अदलाबदल केले आणि 'आणि'-'किंवा' अदलाबदल केले तर खरं विधान खरंच राहतं. डी मॉर्गनचे नियम ('आणि'चं 'नाही' म्हणजे दोन 'नाही'ंची 'किंवा', आणि उलट) हेच सांगतात. किटच्या झाकणावर ते दोन्ही नियम छापलेत, शुद्ध छापलेत, ही जमेची बाजू. ऑगस्टस डी मॉर्गनचा जन्म १८०६ चा, मदुराईचा, हे मात्र पुस्तिकेत नाही. त्याऐवजी पानभर फोटो आहे रघुनाथ परांजप्यांचा. दापोलीजवळच्या मुर्डीचा माणूस १८९९ मध्ये केंब्रिजला सीनियर रँग्लर (गणिताच्या परीक्षेत पहिल्या क्रमांकाचा) झाला याचा अभिमान कोकणात कोणाला नाही? पण त्यांचं काम या विषयातलं नव्हे, आणि त्या पानावर चिन्हांचा तक्ता मावला असता.

किट विकत घेण्याजोगं ठरतं ते ७४०० मुळे. या एका आयसीत चार नँड ('आणि'चं उत्तर उलटं करून देणारी) गेट आहेत. नुसत्या एका क्रियेवर सगळं तर्कशास्त्र उभं राहतं हे पर्सने १८८० च्या सुमारास कागदावर मांडलं, पण छापलं नाही; अमेरिकी तर्कशास्त्रज्ञ हेन्री शेफरने १९१३ मध्ये ते स्वतंत्रपणे सिद्ध करून प्रसिद्ध केलं. ते सिद्धांत म्हणून सांगण्यापेक्षा करून दाखवायला अकरा वायरी लागतात. आयसीची खाच डावीकडे ठेवा. खालच्या ओळीत डावीकडून पिन १ ते ७, वरच्या ओळीत उजवीकडून डावीकडे ८ ते १४. पिन १४ ला ५ व्होल्ट, पिन ७ ला ग्राउंड. पहिला स्विच १ आणि ४ ला. दुसरा स्विच २ आणि ९ ला. पिन ३ वरून एक वायर ५ ला, एक १० ला. ६ वरून १२ ला, ८ वरून १३ ला. ११ एलईडीला. दोन्ही स्विच सारखे असतील तर दिवा बंद, वेगळे असतील तर चालू: ही 'दोन्हींपैकी एकच' अशी किंवा, म्हणजे एक्सॉर. ०, १, १, ०.

आता मुद्दाम ३ ते ५ ही वायर ५ च्या बाजूने उपटा. रकाना होतो ०, १, १, १. एक्सॉरची साधी किंवा झाली! कारण एलएस मालिकेत मोकळं सुटलेलं इनपुट १ सारखं वागतं. पिन ५ ला कायमचा १ मिळाला की दुसरं गेट पहिल्या स्विचचं नुसतं 'नाही' काढतं, आणि सगळं सोडवत गेलं की पहिला किंवा दुसरा एवढंच उरतं. चारपैकी तीन ओळी बरोबर येतात, चौथीच चुकते, म्हणून घाईत तपासणाऱ्याच्या नजरेतून सुटतं. वर्गात 'आमचं बरोबर आलं' म्हणणाऱ्या गटांची चौथी ओळ आधी बघा. सामाईक भाग घ्यायचा की गाळायचा हा बूल आणि जेव्हन्समधला प्रश्नही नेमका याच ओळीचा. इतका मोठा वाद एका सैल वायरीत दाखवता येतो, हे या किटचं श्रेय.

मोकळ्या इनपुटावरून पर्सचीच दुसरी गोष्ट इथे लागू पडते. चिन्हांचे त्याने तीन प्रकार केले: ज्याच्याबद्दल बोलतं त्याच्यासारखं दिसणारं (व्हेनची वर्तुळं), त्याच्याशी कार्यकारणाने बांधलेलं (वाऱ्याने फिरणारा वातकुक्कुट), आणि निव्वळ संकेताने ठरलेलं (आपलं + किंवा ∨). पॅनेलवरचं + तिसऱ्या प्रकारातलं, ते कधी बिघडत नाही, फक्त वाचणारा चुकतो. एलईडी दुसऱ्या प्रकारातला, आणि तो बिघडतो. आपल्याकडे न्यायशास्त्राने हे धूर आणि आगीवर घासून घेतलंय: धुरावरून आग सिद्ध होते, पण आगीवरून धूर सिद्ध होत नाही, त्याला ओलं इंधन लागतं. भाजावळीच्या दिवसांत हे कोकणात कोणाला समजावून सांगायला नको. तसंच, आउटपुट १ आहे म्हणून दिवा लागेलच असं नाही. ट्रान्झिस्टर, एलईडी आणि वायर ठीक असावी लागते. दिवा विझलेला असला तर ० आहे, की वायर निघालीय, की वीजच नाही, हे दिवा सांगत नाही. किट बनवणाऱ्यांनी प्रत्येक आउटपुटला एक लाल (१) आणि एक हिरवा (०) असे दोन दिवे दिले असते तर हा प्रश्न सुटला असता: दोन्ही बंद म्हणजे काहीतरी बिघडलंय. तोवर उपाय मल्टिमीटर. ०.८ व्होल्टच्या खाली शून्य, २ च्या वर एक. इनपुटाच्या पिनेवर दीडेक व्होल्ट दिसला तर ती पिन कुठेच जोडलेली नाही हे समजा.

७४०२ बद्दल (यात 'किंवा'चं उत्तर उलटं करणारी नॉर गेटं असतात) पुस्तिकेत इशारा हवा होता, तो नाही. ७४००, ७४०८, ७४३२, ७४८६ या चारही आयसींत १ आणि २ इनपुट, ३ आउटपुट. ७४०२ मध्ये १ आउटपुट, २ आणि ३ इनपुट. चारही आउटपुट १, ४, १० आणि १३ वर. सवयीने जोडलं की स्विच आणि गेटचं आउटपुट एकमेकांशी भांडतात आणि आयसी तापतो. बोटाला चटका बसेल इतका तापला तर आधी वीज काढा, मग विचार करा. उलटा बसवलेला आयसीही तसाच तापतो, आणि तो बहुधा वाचत नाही.

पाकिटातले आयसी संपले की एलईडी, रेझिस्टर तालुक्याच्या गावी मिळून जातात, ७४ मालिका बहुतेक वेळा मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून नाहीतर ऑनलाइन मागवावी लागते. तिथे एलएसऐवजी एचसी या वेगळ्या जातीचे आयसी गळ्यात मारतात. आकडे तेच, पिना त्याच, पण दोन्ही एका जोडणीत मिसळू नका. एलएसचं १ हमखास २.७ व्होल्टपर्यंतच असतं, एचसीला ५ व्होल्टवर साधारण साडेतीन लागतात. शिवाय एचसीचं मोकळं इनपुट १ धरत नाही, ते वाऱ्यावर असतं. हात जवळ नेला तरी दिवा लुकलुकतो. वरचा सैल वायरीचा प्रयोग एचसीवर जमणार नाही. मागवताना 'एलएस' लिहून मागवा, आणि पार्सल आल्यावर आयसीच्या पाठीवर वाचा.

खारी हवा. किट बनवणाऱ्याने समुद्र पाहिलेला नाही असं वाटावं इतपत ढिसाळपणा इथे आहे. पेटीचे स्क्रू साध्या लोखंडाचे, पहिल्या पावसाळ्यात लाल होतात, स्टेनलेसचे टाका. ब्रेडबोर्डच्या आतल्या क्लिपांवर आणि आयसीच्या पायांवर काळपट थर धरतो, आणि तो डोळ्यांना दिसायच्या आधी जोडणीत लागतो: मघाशी बरोबर आलेली सारणी बोट लावलं की बदलते. आयसी काढून पाय आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसावेत, आणि कोरडे झाल्यावर त्याच छिद्रांत आठ-दहा वेळा आत-बाहेर करावेत. घासूनच क्लिप साफ होते. तेलकट स्प्रे नको, तो धूळ आणि मीठ धरून ठेवतो. टॉगल स्विच खूप दिवस पडून राहिले की पहिल्यांदा लागत नाहीत, कारण एवढ्याशा प्रवाहाने संपर्कावरचा थर जळत नाही. वीसेकदा वरखाली केले की येतात. जूनपासून सप्टेंबरपर्यंत ब्रेडबोर्ड आणि आयसी रबरी रिंगच्या घट्ट डब्यात, सिलिका जेलच्या पुडीसकट. पुडीचा रंग बदलला की मंद आचेवरच्या कोरड्या तव्यात तापवून पुन्हा वापरता येते. सोबतच्या मऊ वायरींची टोकं सर्वांत आधी जातात. त्या फेकून २२ गेजची कथील चढवलेली एकेरी तांब्याची वायर घ्या, आणि टोकं ७-८ मिलिमीटर सोला. त्याहून जास्त सोलली तर शेजारच्या वायरीला चिकटते, कमी सोलली तर क्लिपेत प्लास्टिकच अडकतं.

वीज गेल्यावर पॉवर बँक लावावी म्हटलं तर आणखी एक गंमत. सहा-सात दिव्यांचा प्रयोग नीट चालतो; दोन दिव्यांचा प्रयोग अर्ध्या मिनिटात आपोआप बंद पडतो. कित्येक पॉवर बँका कमी प्रवाह दिसला की 'फोन भरला' असं समजून बंद होतात. ५ व्होल्टच्या पट्टीवर ४७ ओहमचा, १ वॉटचा रेझिस्टर आडवा टाका. तो शंभरेक मिलिअँपिअर खातो आणि बँक जागी राहते. रेझिस्टर तापतो, ब्रेडबोर्डच्या प्लास्टिकपासून वर उचलून ठेवा.

ब्रेडबोर्डच्या वरच्या-खालच्या लाल-निळ्या पट्ट्या मधोमध तुटलेल्या आहेत. छापलेली रेघही तिथे तुटते, पण ती कोणी बघत नाही. चारही ठिकाणी जोडवायरी पहिल्या दिवशीच घालून ठेवा आणि कायम राहू द्या. प्रत्येक आयसीच्या १४ आणि ७ जवळ ०.१ मायक्रोफॅरडचा कपॅसिटर लावायचा, तो पाकिटात दिलेला नाही. साध्या गेटांना त्यावाचून चालून जातं, फ्लिपफ्लॉप (एक ० किंवा १ लक्षात ठेवणारी जोडणी) आणि काउंटर करायला घेतलेत तर नाही.

एका वर्गाला एक किट पुरत नाही. चार मुलांमागे एक धरा, आणि बजेट तोकडं असेल तर पूर्ण किट एकच घेऊन बाकीच्या गटांना सुटा ब्रेडबोर्ड, दोन ७४००, चार स्विच, ट्रान्झिस्टरसह दोन एलईडी आणि यूएसबीची कापलेली वायर द्या. क्लॉक, ७४८६ (तयार एक्सॉर) आणि ती पुस्तिका त्यांना लागत नाही.